रतनशेठचा विनंती थांबा

रतन गेल्याचं अंबडात सगळ्यात आधी मी सांगितलं, कारण तो गेला तेव्हा खोलीत मीच होतो. जिना उतरून खाली त्याच्या भांड्यांच्या दुकानात आलो आणि गल्ल्यावर बसलेल्या किसनरावांना म्हणालो, "शटर ओढा." किसनरावांनी उभा जन्म त्या दुकानात काढलेला. त्यांनी शटर अर्धं ओढलं, उपरण्यानं डोळे पुसले आणि विचारलं, "पन काका, घागर तर आपुनच वर नेली ना? मंग शेठ थांबले कसे न्हाईत?" पुढच्या पंधरवड्यात हा प्रश्न मला अख्ख्या गावानं विचारला. स्मशानात विचारला, बसस्थानकावर विचारला, न्हाव्यानं तर वस्तरा गळ्यावर ठेवून विचारला. रतनची एकुलती एक मुलगी सोनल कॅनडातून निघाली होती, ती पोचेपर्यंत बापाला थांबवता आलं असतं, तशी सोय घरात होती, तरी रतन का थांबला नाही, हे गावाला कळत नव्हतं. मी कुणालाच उत्तर दिलं नाही. उत्तरावर पहिला हक्क सोनलचा होता. आता तिला ते मिळालंय आणि तिनंच "लिहा काका" म्हटलंय, म्हणून लिहितो.

ही घागर काय होती ते बाहेरगावच्या वाचकांना सांगायचं तर रतनपासूनच सुरुवात करावी लागेल. त्याचं घराणं जैन. आजोबा राजस्थानातून आले, अंबडच्या बाजारपेठेत तांब्यापितळेची भांडी मांडून बसले आणि इथलेच झाले. माझे वडील पंचायत समितीत शिपाई, आमचं घर बुद्धवाड्यात. मास्तरांनी दोघांनाही बडबडे म्हणून एकाच मागच्या बाकावर हाकललं तेव्हा आमची ओळख झाली, आणि ती बडबड पुढे जन्मभर चालली. जालन्याला त्यानं बी.एस्सी. केलं. प्रयोगशाळेत नादकाटा आणि पाण्याची नळी घेऊन अनुनादाचा एक प्रयोग करतात, तो त्याला इतका आवडला की बाकीच्या प्रयोगांकडे त्यानं ढुंकून पाहिलं नाही आणि पास मात्र झाला. मग तो गल्ल्यावर बसला. मी एसटीत लागलो आणि फिरून फिरून अंबडलाच वाहतूक नियंत्रक झालो. तेव्हापासून त्यानं मला भास्कर म्हणणं सोडलं. तो मला कंट्रोलर म्हणायचा, मी त्याला शेठ म्हणायचो, आणि दोघांच्याही म्हणण्यात आदर औषधालाही नव्हता.

भांडं घेताना ते वाजवून घ्यायची आपली रीत आहे. धड भांडं खणखणतं, चिरलेलं बद्द बोलतं. रतन मात्र गिऱ्हाईक नसतानाही दिवसभर भांडी वाजवत बसायचा, आणि कांचनभाभी, म्हणजे त्याची बायको, वरून ओरडायची की डोकं उठलं. दुकानाच्या मागच्या खोलीत आजोबांच्या वेळची एक मोठी पितळी परात आढ्याला टांगलेली होती आणि तिच्याखाली तशीच जुनी घागर. एकाच तांबटानं एकाच पत्र्यातून घडवलेली ती जोडी. घागरीत ठरावीक उंचीपर्यंत पाणी भरलं आणि वरची परात लाकडी मोगरीनं वाजवली की खालची घागर हात न लावता तोच सूर धरायची. यालाच अनुनाद म्हणतात, हे मला रतननं निदान पन्नासदा सांगितलं असेल.

एकदा दुपारी मी चहाला त्याच्याकडे गेलो आणि मागच्या खोलीत त्या परातीखालच्या स्टुलावर बसलो. रतन परात वाजवत होता. मी चहाचे दोन घोट घेतले, परभणीची गाडी सोडायची होती म्हणून कप हातात घेऊनच उठलो, आणि बाहेर येऊन बघतो तर दिवेलागण झालेली. कपातून अजून वाफ येत होती आणि समोरची दुकानं दिवे लावून बसली होती. स्थानकावर माझ्या खुर्चीत दुसराच माणूस, आणि साहेब कमरेवर हात ठेवून उभे. "कुठं गेल्ते?" "चहाला." "कुठं, दार्जिलिंगला?" माझ्या नोकरीतला एकमेव मेमो मी त्या चहापायी घेतला. दुसऱ्या दिवशी भांडायला गेलो तर रतन आपला हसतोय. "तुझ्या कपातली वाफच हलंना," म्हणाला. "तुझी एक पापणी मिटून उघडस्तोवर माझा अख्खा कप पिऊन झाला. मंग म्हणलं बघावं तरी, कुठवर चालतंय. वाजवत राह्यलो." मी म्हणालो, "हाक मारायची होती." तर म्हणतो कसा, "हाक मारली असती तर समजलं कसं असतं?" मी आठवडाभर त्याच्याशी बोललो नाही. खरं तर चार दिवस. नंतर मलाच राहवेना.

तर प्रकार असा होता. दोन्ही भांडी एका सुरात बोलत असतात तोवर त्यांच्या मधल्या खाटेएवढ्या जागेत वेळ पाय ओढत चालतो. बाहेर दुपार जाते, आत दोन घोट. नाद विरला की संपलं, म्हणून बाहेर कुणीतरी उभं राहून परात वाजवत राहावं लागतं, आणि वाजवणाऱ्याचा वेळ मात्र इतरांसारखाच जातो. ही शेवटची गोष्ट लोक हमखास विसरतात. आमच्या एसटीत विनंती थांबा असतो, म्हणजे हात दाखवला तरच गाडी थांबते, तीही जरा वेळच. मी त्या जागेला तेच नाव दिलं आणि गावात ते रुळलं. कांचनभाभी त्याखाली फुलके झाकून ठेवायची आणि रतन जेवायला कितीही उशिरा उठला तरी ते तव्यावरून उतरल्यासारखे असायचे, फक्त तिचा एक हात परातीवर गुंतलेला. बांधाच्या दाव्यानं पिचलेले एक गृहस्थ आले, म्हणाले, "शेठ, तारीख येईपर्यंत बसू द्या, जीव थाऱ्यावर न्हाई." बरोबर जावयाला आणलं होतं वाजवायला. बसले, उठले, कोर्टात गेले, आणि समोरचा वकील आजारी म्हणून पुढची तारीख घेऊन परत आले. "पुन्हा बसू का?" रतन म्हणाला, "आता जावईबापूंना बसू द्या, तुम्ही वाजवा." ते जे गेले ते परत फिरकले नाहीत. कुणी मोठ्या शहरातून माणसं आणू म्हटलं, छापून आणू म्हटलं, तर रतनचं एकच उत्तर, "आपलं दुकान भांड्याचं हाये."

काही वर्षांपूर्वी कांचनभाभी आजारी पडली. जालन्याच्या डॉक्टरांनी शेवटी घरी न्यायला सांगितलं. सोनल तेव्हाही कॅनडातच होती. तिनं आपल्या मनानं लग्न केलं होतं आणि त्यावरून मायलेकींचा अबोला होता. दोघीही सारख्याच हट्टी, दोघीही रतनला फोनवर एकमेकींची खुशाली विचारायच्या. सोनल निघाली आणि इकडे भाभीचा श्वास तुटायला लागला. रतननं किसनरावांना आणि मला हाताशी घेऊन परात वर नेली, खाटेवरच्या पंख्याच्या कडीला टांगली, उशाशी घागर ठेवली, पाणी मापानं भरलं आणि मोगरी हातात घेतली. त्यानंतर तिची छाती वर यायला किती वेळ लागायचा म्हणून सांगू... मी खाली जाऊन चहा पिऊन वर यावं तरी ती अजून वरच चढत असायची. मी कितीदा म्हटलं, आण इकडं मोगरी, जरा पड. जेवणापुरती दिली असेल, तीही बळंच. त्याच्या तळहाताला फोड आले, फुटले, त्यावर त्यानं फडकं गुंडाळलं. सोनल दुसऱ्या दिवशी दुपारी धावत जिना चढून आली तेव्हा त्यानं हात थांबवला. परात शांत झाली. भाभीनं डोळे उघडले, समोर पोरगी बघितली आणि म्हणाली, "इतक्या जल्दी कशी आलीस गं?"

मायलेकी संध्याकाळपर्यंत बोलल्या. काय बोलल्या ते मला माहीत नाही, मधेच एकदा दोघी हसल्या तेवढं ऐकू आलं. रतन दाराच्या चौकटीला टेकून उभा होता. दिवस मावळायच्या आत भाभी गेली. पुढे खूप दिवसांनी तो मला म्हणाला, "दोन दिवस मी तिच्याजवळ व्हतो रे, पर ती माझ्याजवळ नव्हती." एवढंच म्हणाला आणि गिऱ्हाईक आलं म्हणून उठला.

आपल्याकडे भांड्यावर नाव असल्याशिवाय ते भांडं पूर्ण झाल्यासारखं वाटत नाही. लग्नातल्या ताटावर मामाचं नाव, गेलेल्या माणसाच्या आठवणीत मंगल कार्यालयाला पातेली दिली तर त्यावर त्या माणसाचं. रतनच्या दुकानाच्या पायरीवर युसूफचाचा बसतात, छिन्नी आणि छोटी हातोडी घेऊन. नाव घालायची विजेची यंत्रं आली तरी चाचांनी छिन्नी सोडली नाही. परत जायच्या आदल्या दिवशी सोनलनं आईच्या नावानं द्यायची भांडी त्यांच्यापुढे मांडली, आणि सगळ्यात शेवटी ती घागर स्वतः उचलून आणली. रतन तेव्हा मंदिरात गेला होता. ती म्हणाली, "चाचा, ही द्यायची नाही, घरात राहील. हिनंच मला आईची भेट घडवली. हिच्यावर आईचं नाव घाला. खोल घाला, कधी पुसायला नको." चाचांनी जीव ओतून नाव कोरलं, दोन्ही बाजूंना एकेक कमळ काढलं. गावातलं कुणीही तेच केलं असतं. मीही तिथं उभा राहून बघत होतो आणि अक्षर सुबक आलंय म्हणालो होतो.

सोनल गेली. पुढच्या आठवड्यात रतननं जोडी परत मागच्या खोलीत लावली, पाणी भरलं, परात वाजवली. परात बोलली, घागर गप्प. त्यानं पाणी कमी केलं, वाढवलं, घागरीला टिचकी मारली. चिरलेली नव्हती, पण आवाज आखडला होता. खोल अक्षरांनी पत्रा जिथं जिथं खाल्ला होता तिथं सूर अडत होता. चाचांना बोलावलं तर त्यांनी कानाला हात लावले. "शेठ, गुनाह झाला. मी अक्षरात पितळ वितळवून डाख भरून देतो, घासून पत्रा बराबर करतो. पहिल्यासारखी बोलंल." रतननं घागर मांडीवर घेतली. "आन नाव?" "नाव तर बुजल." "मंग ऱ्हाऊ द्या," रतन म्हणाला.

मी त्याच्याशी पुष्कळ वाद घातला. मी म्हटलं, उद्या तुझी वेळ येईल, सोनल तिकडं सातासमुद्रापार, काय करशील? तो म्हणाला, "पोरीनं आईसाठी मनानं एवढी एक गोष्ट केली. ती मी घासून टाकू? येईल तेव्हा आधी घागर बघंल ती." मग म्हणाला, "आन माझ्यासाठी दोन दिवस बाहेर कोन उभं ऱ्हाईल? तू? गुडघे बघ तुझे." मी उभा राहिलो असतो. दोन दिवस काय, लागतील तितके दिवस. हे मी तेव्हा त्याला बोललो नाही, कारण आमच्यात असं बोलायची पद्धत नव्हती. "दुसरी जोडी कर मग," असं म्हणून मी विषय बदलला. त्यानं प्रयत्न केले, नाही असं नाही. कुठून कुठून पत्रे आणले, कारागीर शोधले. भांडी एका सुरात सुंदर बोलायची, मी खाली कप घेऊन बसायचो, आणि चहा आपला मुकाट गार व्हायचा. शेवटी त्यानं नाद सोडला. फक्त मला बजावून ठेवलं की सोनलला यातलं काही कळता कामा नये. "आणि तिनं विचारलं तर?" "विचारलं तर खरं सांग. आपन होऊन न्हाई."

या उन्हाळ्यात त्याच्या हृदयानं दगा दिला. दवाखान्यातून आल्यावर तो वरच्या खोलीत पडून असायचा आणि मी सकाळ-संध्याकाळ जाऊन बसायचो. बोलणं काहीच नाही, कोणती गाडी उशिरा धावतेय आणि कुणाच्या लग्नात किती भांडी गेली, हेच. त्या दिवशी सकाळी त्याला धाप लागली ती बसेना. डॉक्टर येऊन गेले, हळूच मान हलवून गेले. मी सोनलला फोन केला. ती म्हणाली, "काका, मी निघतेय. तुम्ही घागर लावा." मी म्हणालो, "तू नीघ. मी इथंच आहे." रतन ऐकत होता. त्यानं माझ्याकडं बघून मान हलवली, बरोबर बोललास अशी. दुपारी त्याचा श्वास भाभीसारखाच तुटायला लागला, आणि मला... मला ते सहन होईना. मी खाली गेलो, किसनरावांना हाताशी घेऊन परात आणि घागर वर आणली, कडीला परात टांगली, पाणी भरलं आणि वाजवायला लागलो. उपयोग नाही हे मला माहीत होतं. परात एकटीच बोलत होती आणि रतनची छाती तिच्या तिच्या घाईनं वरखाली होत होती. बऱ्याच वेळानं त्यानं डोळे उघडले. "कंट्रोलर," म्हणाला, "एक तरी गाडी टायमावर सोड की रे." मी मोगरी खाली ठेवली आणि त्याचा हात धरून बसलो. भाभीच्या वेळी त्याला असं बसता आलं नव्हतं, हे तेव्हाच माझ्या डोक्यात आलं. थोड्या वेळानं तो गेला.

सोनल पोचली तेव्हा सगळं उरकलं होतं. दोन दिवस भेटायला येणाऱ्यांची रीघ होती. तिसऱ्या दिवशी मी बसलो असताना समोर येऊन उभी राहिली. "काका, घागर लावली होती?" मी म्हणालो, "लावली होती." "मग?" मी उत्तर द्यायच्या आत ती वळून घागरीपाशी गेली आणि बोटाच्या पेरानं तिला टिचकी मारली. भांड्यांच्या दुकानात वाढलेली पोर ती, तिला दुसरी टिचकी मारावी लागली नाही. तिचं बोट आईच्या नावावरून फिरलं, एकेका अक्षरातून. "मी घातलं," म्हणाली. तिनं विचारलं होतं, म्हणून मी सगळं सांगितलं. चाचांचा डाख सांगितला, रतनचं "मंग ऱ्हाऊ द्या" सांगितलं. मला वाटलं होतं ती रडेल, बापाचा जीव किती होता म्हणेल. ती भडकली. "मला सांगायला हवं होतं. या दोन वर्षांत मी दोनदा तिकीट रद्द केलंय, काका. एकदा सुट्टीसाठी, एकदा असंच. मला वाटायचं, घरात घागर आहे, पप्पा थांबतील." ती खरं बोलत होती. रतननं तिची भावना जपली आणि तिला गाफील ठेवलं, आणि मी त्यात सामील होतो. त्याच्या मागे मला त्याचा पहिल्यांदाच राग आला. तो आजही पूर्ण गेलेला नाही.

दुसऱ्या दिवशी तिनं युसूफचाचांना वर बोलावलं. चाचांच्या डोळ्यांना आता कमी दिसतं, पण जिना चढून आले, घागर मांडीवर घेतली आणि तेच म्हणाले जे रतनला म्हणाले होते, "बेटी, अजून डाख भरता येतो. बोलंल ती. तुझ्या पोराबाळांच्या कामी येईल." सोनलचा मुलगा तिकडं शाळेत जातो, तो एकदाच इथं आलाय. या वेळी निर्णय तिचा होता. मग ती म्हणाली, "भरू नका. आईच्या नावाखाली पप्पांचं घाला." चाचांनी पेन्सिलीनं आखून घेतलं, छिन्नी लावली, आणि हातोडी उचलायच्या आधी विचारलं, "किती खोल घालू?" "आईच्याइतकंच," ती म्हणाली, आणि नाव पुरं होईपर्यंत त्यांच्याशेजारी जमिनीवर बसून राहिली.

घागर आता दुकानात गल्ल्याच्या बाजूला असते, पिण्याच्या पाण्याची. किसनराव दुकान सांभाळतात, मी सकाळी जाऊन बसतो आणि तिच्यातलं एक फुलपात्रभर पाणी पितो. पाणी चांगलं गार असतं. सोनलला मी स्थानकापर्यंत सोडायला गेलो होतो. विमानतळासाठी गाडी करून देतो म्हटलं तर ऐकेना, एसटीनंच जाते म्हणाली. मी नियंत्रकाच्या खिडकीपाशी जाऊन तिची गाडी कुठवर आलीय ते विचारून आलो, सवयीनं. गाडी लागली. ती पायरीवर चढली आणि वळून म्हणाली, "काका, दिवाळीला येते. तुम्ही आहात ना?"

मी म्हणालो, "दिवाळी लांब आहे. त्याआधी पर्युषण आहे, तेव्हाच ये."